मदत हवी आहे: हाइमे फाब्रेगास यांचं पार्श्वसंगीत कुठे ऐकायला मिळेल?

मंडळी, फिलिपिनो सिनेमा बघणारं कुणी आहे का इथे? ‘आंग प्रोबिन्स्यानो’ ही मालिका (२०१५ ते २०२२!) बघताना जनरल डेल्फिन बोर्हा हे पात्र फार आवडलं. करारी आवाज, पण नातवंडांसमोर लगेच विरघळणारा म्हातारा. ते साकारणारे हाइमे फाब्रेगास चित्रपटांचे संगीतकारही आहेत. दिग्दर्शक पेके गालागा यांच्या १९८५च्या ‘स्कॉर्पिओ नाइट्स’चं पार्श्वसंगीत त्यांचंच. १९९८च्या ‘होसे रिझाल’मध्ये मात्र ते पडद्यावर, फिलिपिन्सचा राष्ट्रनायक रिझाल याचा खटल्यात बचाव करणारा स्पॅनिश अधिकारी म्हणून.

आपल्याकडे असे अभिनयही करणारे संगीतकार बोटावर मोजण्याइतकेच.

त्यांचं ऐंशीच्या दशकातलं काम बघायचंय. इंग्रजी सबटायटल्स असलेली बऱ्यापैकी प्रिंट कुठे मिळेल? यूट्यूबवरच्या घरघरणाऱ्या कॉप्या नकोत, त्यात संगीतच बुडतं. नुसतं पार्श्वसंगीत वेगळं मिळालं तर सोन्याहून पिवळं.