शब्दचर्चा : ‘आंतरराष्ट्रीय समाज’ म्हणजे नेमकं काय?

शाहूपुरी_अभ्यासिका

राज्यशास्त्राच्या नोट्स काढताना अडकलोय. एकाच प्रकरणात ‘आंतरराष्ट्रीय व्यवस्था’, ‘आंतरराष्ट्रीय समाज’ आणि ‘आंतरराष्ट्रीय समुदाय’ असे तीन शब्द आहेत आणि क्लासच्या झेरॉक्समध्ये ते एकमेकांच्या जागी बिनधास्त वापरलेत. आंतरराष्ट्रीय संबंधांचा अभ्यासक हेडली बुल, त्याच्यावर प्रश्न आला तर कुठला लिहायचा? आणि देशांचा कसला आलाय ‘समाज’? आमच्याकडं समाज म्हटलं की वधू-वर मेळावा आणि समाजमंदिर.

रंकाळाकाठ

तिन्ही वेगळे आहेत, आणि झेरॉक्सवाल्याचा सगळा दोष नाही. मराठीत ‘व्यवस्था’ या एकाच शब्दावर आपण दोन ओझी लादली आहेत. ‘राजकीय व्यवस्था’ म्हणताना आपल्याला सिस्टिम म्हणायचं असतं आणि ‘नवी जागतिक व्यवस्था’ म्हणताना ऑर्डर. बुलचं १९७७ चं ‘द अनार्किकल सोसायटी’ हे पुस्तक या दोन कल्पना वेगळ्या ठेवण्यावरच उभं आहे. म्हणून मी वर्गात सिस्टिमला ‘प्रणाली’ म्हणतो आणि ऑर्डरला ‘सुव्यवस्था’.

आता फरक बघ. दोन किंवा अधिक राज्यांचा एकमेकांशी इतका संबंध येतो की एकाला निर्णय घेताना दुसऱ्याचा हिशेब धरावाच लागतो. एवढं झालं की प्रणाली झाली. त्यासाठी एकमेकांशी बोलायलाही हवं असं नाही, नुसती भीती पुरते. समाज त्याच्या पुढचा. आपले काही हितसंबंध आणि काही मूल्यं समाईक आहेत याची राज्यांना जाणीव असते, परस्परांशी वागताना काही नियम आपल्यावर बंधनकारक आहेत असं ती मानतात, आणि ते नियम चालवणाऱ्या संस्थांमध्ये वाटा उचलतात, तेव्हा बुल ‘समाज’ म्हणतो. प्रत्येक समाजात प्रणाली असतेच. प्रत्येक प्रणालीत समाज असेल असं नाही.

उदाहरण तेहरानचं घे. ४ नोव्हेंबर १९७९ ला तिथली अमेरिकन वकिलात ताब्यात घेतली गेली. ५२ माणसं ४४४ दिवस अडकली होती. शीतयुद्ध चालू होतं, अमेरिका आणि सोव्हिएत संघ एकमेकांना पाण्यात पाहत होते. तरी ओलिसांना सोडा असं सांगणारा सुरक्षा परिषदेचा ४५७ क्रमांकाचा ठराव डिसेंबरात एकमताने मंजूर झाला, म्हणजे सोव्हिएत मतही बाजूनेच पडलं. अमेरिकेवरच्या प्रेमापोटी नव्हे. वकिलातीला हात लावायचा नाही हा १९६१ च्या व्हिएन्ना करारातला नियम मोडीत निघाला तर उद्या आपल्या वकिलातींचं काय, हे मॉस्कोलाही कळत होतं. नुसत्या प्रणालीत शत्रूची फजिती झाली की टाळ्या पडल्या असत्या.

गटसचिव

सर, समाज वगैरे कशाला, सरळ ‘सोसायटी’च म्हणा की. मी विकास सोसायटीचं काम बघतो. सभासद आहेत, पोटनियम आहेत, वर्षाला सर्वसाधारण सभा आहे, सभेत भांडणं आहेत. सगळं जुळतंय.

रंकाळाकाठ

जुळतंय, पण तुमच्या सोसायटीच्या डोक्यावर सहायक निबंधक आहे. थकबाकीदार ऐकेना तर तुम्ही सहकार कायद्याच्या कलम १०१ खाली वसुली दाखला आणता. बुलच्या सोसायटीत निबंधकच नाही. दाखला कुणी द्यायचा आणि जप्तीला कुणी जायचं, हे सभासदांनीच आपसांत बघायचं. आणि तरीही बहुतेक सभासद बहुतेक वेळा पोटनियम पाळतात. हे कसं, हाच त्याचा प्रश्न.

पुस्तकाच्या नावातला ‘अनार्किकल’ इथे येतो. आपल्या वर्तमानपत्री भाषेत अराजक म्हणजे दंगल, जाळपोळ. मूळ अर्थ मात्र ‘राजा नसलेलं’. बुलला तेवढंच म्हणायचं आहे: वर सत्ता नाही. महाभारताच्या शांतिपर्वात राजा नसला की मोठा मासा लहान माशाला खातो असं येतं, मात्स्यन्याय तो. राजा नसूनही मासे बऱ्यापैकी शिस्तीत का पोहतात हे शोधणारा माणूस म्हणजे बुल.

शाहूपुरी_अभ्यासिका

आणि ‘संस्था’? नोट्समध्ये बुलच्या पाच संस्था दिल्यात: सत्तासंतुलन, आंतरराष्ट्रीय कायदा, राजनय (डिप्लोमसी), युद्ध आणि महासत्ता. युद्ध ही संस्था कशी? मला वाटलं छपाईची चूक आहे. संयुक्त राष्ट्रसंघ कुठं गेला?

रंकाळाकाठ

चूक नाही. कोल्हापुरात संस्था म्हटलं की पतसंस्था नाहीतर शिक्षणसंस्था, म्हणजे बोर्ड लावलेली इमारत. पण आपण विवाहसंस्था, कुटुंबसंस्था, जातिसंस्था असंही म्हणतोच ना? त्यांना कुठे रजिस्टर नंबर असतो? मुरलेली, सगळ्यांना ठाऊक असलेली वागण्याची रीत, या अर्थाने घे. युद्ध कोण पुकारू शकतं, कशासाठी, त्यात काय करायचं नाही, याच्या रीती आहेत म्हणून ती संस्था. बुलचा रोख असा की युद्ध कधीकधी नियम राखण्यासाठी किंवा एखाद्याला डोईजड होऊ न देण्यासाठी वापरलं गेलं. हे पटलंच पाहिजे असं नाही, मला स्वतःला निम्मंच पटतं. संयुक्त राष्ट्रसंघ त्याच्या यादीत नाही कारण त्याच्या लेखी ती संघटना आहे, संस्था नव्हे. परीक्षेत हे दोन शब्द अदलाबदल करू नकोस.

मोडीवाचक

‘समाज’ हा शब्दच योग्य आहे असं माझं मत. आज तो जातीला चिकटला असला तरी १८७३ चा सत्यशोधक समाज आठवा, १९११ मध्ये कोल्हापुरात शाहू महाराजांच्या पाठबळावर तो पुन्हा उभा राहिला. प्रार्थना समाज, आर्य समाज हेही तसेच. या समाजांत जन्माने जायचं नसतं. नियम मान्य करून आत यायचं. बुलला हाच अर्थ हवा आहे.

उलट ‘समुदाय’ मराठी कानाला नुसती गर्दी वाटतो, घाटावर जमलेला जनसमुदाय. समाजशास्त्राच्या परिभाषेत मात्र समुदाय म्हणजे जिव्हाळ्याने बांधलेला गट आणि समाज त्याहून कोरडा, कराराचा. म्हणजे परिभाषेतला जिव्हाळा आणि बोलीतला जिव्हाळा बरोबर उलट्या बाजूंना पडतो. गोंधळ होतो तो यामुळे.

आता कोल्हापूरचंच सांगतो. १७३१ च्या वारणेच्या तहात सातारचे शाहू आणि करवीरचे, म्हणजे कोल्हापूरचे, संभाजी यांनी हद्द ठरवली, एकमेकांचे चाकर ठेवायचे नाहीत असं ठरवलं, शत्रूंबाबत काय करायचं ते ठरवलं. वरून बजावणारा कुणी नव्हता. बुलची व्याख्या इथे बसते की नाही?

गटसचिव

ती भाऊबंदकी हो. एकाच घरच्या दोन गाद्या. वाटणीपत्राला आंतरराष्ट्रीय कुठं म्हणताय?

मोडीवाचक

बरं, मग १८१२ घ्या. त्या साली करवीर दरबाराने ईस्ट इंडिया कंपनीशी तह केला. मालवण गेलं. त्याहून मोठं गेलं ते असं: कंपनीच्या संमतीवाचून दुसऱ्या कुणावर चालून जायचं नाही आणि तंटा झाला तर निवाडा कंपनीकडे. गादी राहिली, दरबार राहिला, मुलूख राहिला. पुढे १९ तोफांची सलामीही होती. पण युद्ध, तह आणि दुसऱ्या दरबाराशी स्वतःच्या हिमतीवर बोलणी या गोष्टी हातातून गेल्या. प्रणालीत करवीर होतंच, कंपनीला त्याचा हिशेब धरावा लागत होता म्हणून तर तह. समाजात मात्र ते सभासद उरलं नाही.

रंकाळाकाठ

मोडीवाचक, हे उदाहरण मी वर्गात वापरणार. कारण या सिद्धांतावरचा सगळ्यात रास्त आक्षेप नेमका इथेच आहे. हा समाज सगळ्यांचा कधी नव्हता. युरोपातल्या राज्यांनी तो आपसांत बांधला आणि १९ व्या शतकात दारावर ‘सुसंस्कृतपणाची कसोटी’ लावली. ऑटोमन साम्राज्य शतकानुशतकं युरोपशी लढत आणि तह करत होतं, तरी युरोपच्या सार्वजनिक कायद्यात त्याला रीतसर जागा मिळाली ती १८५६ च्या पॅरिसच्या तहात. जपानने कायदे, न्यायालयं, लष्कर सगळं पालटलं, तरी परकीयांवर जपानी न्यायालयात खटला चालवण्याचा हक्क त्याला १८९९ मध्ये परत मिळाला. १७ व्या-१८ व्या शतकात मात्र हेच युरोपीय आशियातल्या राजांशी बरोबरीच्या नात्याने तह करत होते. म्हणजे बाहेरच्यांना हळूहळू आत घेतलं ही गोष्ट अर्धीच आहे. काहींना आधी बाहेर काढलं आणि मग अर्ज करायला लावला. बुल आणि ॲडम वॉटसन यांनी १९८४ मध्ये या समाजाच्या विस्तारावर ग्रंथ संपादित केला, पण ‘विस्तार’ हा शब्द जरा सोज्ज्वळच आहे.

जाता जाता, या विचारपरंपरेला ‘इंग्लिश स्कूल’ म्हणतात. न्यू इंग्लिश स्कूलशी संबंध नाही! ते नावही एका टीकाकाराने १९८१ मध्ये दिलं, हे दुकान बंद करा असं सांगताना. आणि त्यातला सगळ्यात गाजलेला माणूस, हेडली बुल, ऑस्ट्रेलियाचा.

शाहूपुरी_अभ्यासिका

मग ‘राज्यांचा समाज’ लिहू की ‘राष्ट्रांचा’?

रंकाळाकाठ

काटेकोरपणे ‘राज्यांचा’. पण परीक्षकाला राज्य म्हटलं की महाराष्ट्र-कर्नाटक आठवायचं, म्हणून पहिल्यांदा ‘सार्वभौम राज्यांचा’ लिही. माणसामाणसांचा जो एकच समाज कल्पिला जातो तो ‘जागतिक समाज’, तो वेगळा. आणि ‘आंतर’चा काना विसरू नकोस. ‘अंतर्’ म्हणजे आतलं.

शाहूपुरी_अभ्यासिका

दोन वाक्यं तपासा प्लीज. १) ‘आंतरराष्ट्रीय समाजाने तातडीने दखल घ्यावी.’ २) ‘२०२२ मध्ये रशियाने युक्रेनवर हल्ला केला, यावरून आंतरराष्ट्रीय समाज अस्तित्वात नाही हे सिद्ध होते.’

रंकाळाकाठ

पहिल्यात ‘समुदाय’ हवा. ती अग्रलेखाची भाषा आहे आणि तिथे बहुतेक वेळा चार-पाच बलाढ्य देशच अभिप्रेत असतात.

दुसऱ्यात शब्द बरोबर, निष्कर्ष घाईचा. हल्ल्याच्या दिवशी पुतिन यांनी संयुक्त राष्ट्रांच्या सनदेतल्या ५१ व्या कलमाचा, म्हणजे स्वसंरक्षणाच्या हक्काचा आधार सांगितला. तो किती पोकळ आहे ते सोड. पण नियमच मानायचे नसते तर कलम सांगायची गरज काय होती? नियम मोडणाराही नियमाच्या भाषेत सबब देतो, याकडे बुल समाजाची खूण म्हणून बघतो. ‘सिद्ध होते’ काढ, ‘आंतरराष्ट्रीय समाजाचे नियम किती कमकुवत आहेत हे दिसते’ असं लिही, आणि खाली ५१ व्या कलमाची ओळ घाल.

गटसचिव

आमचा थकबाकीदार पण पोटनियमच दाखवतो हो.