हेझ्बरा गाव समुद्राला देऊन टाकायचं?

नॉरिचकर

इंग्रजीत लिहिलेलं जसंच्या तसं वाचलंत तर 'हॅपिसबर्ग' होतं. तसं म्हटलंत की गावकरी समजतात, पाहुणा आलाय. ते म्हणतात हेझ्बरा. इंग्लंडमधल्या नॉरफोकच्या ईशान्य किनाऱ्यावर, आमच्या नॉरिचहून मोटारीने तासाच्या आत. वस्ती जेमतेम नऊशे.

गेल्या रविवारी पाहुण्यांना दीपगृह दाखवायला नेलं आणि पाय आपोआप बीच रोडच्या टोकाकडे वळले. रस्ता सरळ जातो आणि मध्येच संपतो. पुढे हवाच. डांबराची कड बिस्किटासारखी मोडलेली, तिच्याखाली पिवळी वाळू, मातीतून एक तुटका पाइप बाहेर आलेला. त्या पाइपाचं पाणी कधीतरी कुणाच्या तरी स्वयंपाकघरात जात असणार.

गावात आहे काय म्हणाल, तर हे ऐका. सेंट मेरी चर्चचा मनोरा ११० फूट उंच, शेकडो वर्षं खलाशांची खूण. आतल्या खांबांमध्ये १९४० साली पडलेल्या जर्मन बॉम्बच्या कपच्या अजून रुतलेल्या आहेत. १७८९ च्या हिवाळ्यातल्या एका वादळात या किनाऱ्यावर ७० जहाजं आणि ६०० माणसं गेली, म्हणून १७९० साली दीपगृह उभं राहिलं. पांढरं अंग, लाल पट्टे. १९८० च्या दशकाच्या अखेरीस ते बंद करायचं ठरलं, तेव्हा गावाने चळवळ केली, १९९० साली पार्लमेंटकडून स्वतंत्र कायदा करून घेतला आणि दीपगृह स्वतःच्या विश्वस्त संस्थेकडे घेतलं. ग्रेट ब्रिटनमधलं स्वतंत्रपणे चालणारं हे एकमेव दीपगृह. दर ३० सेकंदांना तीन झोत, आजही.

आणि हे गाव सांभाळायला सरकार तयार नाही. किनारा-आराखड्याचं धोरण असं की इथली रेषा कायमची धरून ठेवायची नाही, समुद्र आत आला तर येऊ द्यायचा. चार-पाच मैलांवरच्या बॅक्टनला मात्र २०१९ साली १८ लाख घनमीटर वाळू ओतली. का? तिथे गॅसचं टर्मिनल आहे. गॅसला वाळू, माणसांना शुभेच्छा.

माझं मत: हेझ्बराला दगडी बंधारा हवा. पूर्ण लांबीचा, आत्ता. मंडळींना काय वाटतं?

निवृत्त_उपअभियंता

लेख आवडला, मत नाही पटलं. सविस्तर लिहितो, कारण उभी नोकरी पाणी आणि माती यांच्या भांडणात गेली.

तिथला कडा म्हणजे आपला काळा कातळ नव्हे. हिमनद्यांनी आणून टाकलेली चिकणमाती आणि वाळू. पावसाचं पाणी वाळूतून खाली उतरतं, चिकणमातीवर अडतं आणि आडवं बाहेर पडतं. मग वरचा थर घसरतो. लाट फक्त खाली पडलेला ढीग उचलून नेते. म्हणजे पायथ्याला कितीही दगड टाका, वरून झिरपणारं पाणी काम करतच राहणार.

दुसरं, १९५३ च्या उधाणानंतर तिथे १९५० च्या दशकाच्या शेवटी संरक्षण बांधलं होतंच. तिरक्या फळ्यांचं लाकडी कुंपण: लाटेचा जोर मोडायचा, मागे वाळू साठू द्यायची. तीसेक वर्षं चाललं. १९९० च्या दशकात त्याचे तुकडे वाहून गेले तेव्हा समुद्राने सगळी थकबाकी एकदम वसूल केली. आजूबाजूला कुंपण शाबूत आणि मध्येच खोबण, असा आकार झाला तो त्यामुळे.

तिसरं आणि मुख्य. त्या किनाऱ्यावर वाळू वायव्येकडून आग्नेयेकडे सरकते. हेझ्बराचा कडा ढासळतो त्यातूनच खालच्या सी पॅलिंगच्या पुळणीला वाळू मिळते. तुम्ही कडा बांधून काढलात की खालच्या गावाचं अन्न बंद. बॅक्टनला ओतलेली वाळूही हळूहळू तुमच्याच दिशेने येते, तेव्हा ती फुकट गेली असं समजू नका. त्या खर्चाचा मोठा वाटा टर्मिनलच्या कंपन्यांनीच उचलला होता, हेही लिहायला हवं होतं.

माहेर_मिऱ्या

काका, खालच्या गावाची वाळू वगैरे मला माहीत आहे. माझं माहेर रत्नागिरीचं, मिऱ्याचं. आमच्याकडे धूपप्रतिबंधक बंधारा हा शब्द मुलं बाराखडीआधी शिकतात. दर पावसाळ्यात भगदाड, दर पावसाळ्यात पाहणी, मग टेट्रापॉड. ट्रकमधून उतरवलेले ते तीन-चार पायांचे सिमेंटचे गोळे पहिल्या वर्षी रुबाबात उभे असतात, तिसऱ्या वर्षी अर्धे वाळूत.

तरीही सांगते, बंधारा हवाच. दर वर्षी फुटणाऱ्या बंधाऱ्यामागे निदान माणूस झोपतो. 'इथे काही करणार नाही' असं सरकारने कागदावर लिहून दिलं की त्या दिवसापासून घराला गिऱ्हाईक नाही, बँकेचं कर्ज नाही, मुलगी द्यायला कुणी तयार नाही. समुद्र यायच्या आधीच गाव संपतं.

हिशेबी

मुलगी द्यायची अट नॉरफोकमध्ये लागू नसावी :)

बाकी, कड्यावर घर घेणाऱ्याला कडा दिसत नव्हता का? स्वस्त मिळालं म्हणून घेतलं असणार. त्याची भरपाई लीड्सच्या करदात्याने का करायची?

नॉरिचकर

हिशेबी, अनेकांनी घर घेतलं तेव्हा समोर सरकारनेच बांधलेलं संरक्षण उभं होतं. ते मोडल्यावर दुरुस्त होईल असं समजणं हा गुन्हा नाही. आणि भरपाईचं म्हणाल तर इंग्लंडमध्ये समुद्राने घर नेलं तर कायद्याने एक पैसुद्धा मिळत नाही. मिळतं ते पाडकामाचं अनुदान, कमाल ६,००० पौंड. म्हणजे तुमचंच घर पाडायला मदत.

अपवाद एकदाच झाला. २००९ नंतर पाथफाइंडर नावाची प्रायोगिक योजना आली, नॉर्थ नॉरफोकला ३० लाख पौंड मिळाले, त्यातून बीच रोडवरची नऊ घरं विकत घेऊन पाडली. योजना संपली, अपवाद संपला. २०१३ च्या ५ डिसेंबरच्या उधाणात त्याच रस्त्यावरचा एक बंगला अर्धा कड्यावर, अर्धा हवेत लोंबकळत राहिला होता.

काकांना: सी पॅलिंगची वाळू मान्य. पण हेझ्बराच्या दक्षिणेला एक्लसपासून जमीन सखल होत जाते आणि मागे सगळा ब्रॉड्सचा पाणथळ मुलूख आहे. १९३८ साली हॉर्सीला समुद्र आत घुसला, १९५३ साली सी पॅलिंगमध्ये सात माणसं गेली. हेझ्बराची बाजू मोकळी सोडलीत तर समुद्र तिथल्या संरक्षक भिंतीला वळसा घालून मागून येईल. मग वाचवलेल्या पैशांचं काय?

निवृत्त_उपअभियंता

वळशाचा मुद्दा दमदार आहे, तो मान्य. पण त्यासाठी दक्षिण टोक बळकट करावं लागेल, पूर्ण गावापुढे बंधारा नको. २००२ साली चार हजार टन दगड टाकले, २००७ साली लोकांनी वर्गणी काढून 'एक दगड विकत घ्या' म्हणत आणखी टाकले. त्याने धूप मंदावली. थांबली नाही. वेळ मिळाला, आणि दगडाकडून तेवढंच मागावं.

अश्मक

चर्चा किनाऱ्याची चालली आहे आणि किनाऱ्यावरच्या सगळ्यात मोठ्या गोष्टीचं नाव कुणी घेतलेलं नाही, म्हणून राहवलं नाही.

२००० साली कुत्र्याला फिरवायला आलेल्या एका माणसाला तिथे काळ्या गारगोटीची हातकुऱ्हाड सापडली. मग उत्खनन झालं आणि आठ लाख वर्षांपेक्षा जुनी दगडी हत्यारं निघाली. मे २०१३ मध्ये उधाणाने वाळू ओढून नेली आणि खालच्या गाळात पावलं दिसली. पन्नासेक ठसे. मोठ्यांचे आणि मुलांचेही, बहुधा पाचेक जण, दक्षिणेकडे चाललेले, एका नदीच्या मुखाशी. आफ्रिकेबाहेर माणसाची याहून जुनी पावलं तेव्हा माहीत नव्हती.

ते ठसे पाहायला कुठे जायचं? कुठेच नाही. दोन आठवड्यांत भरतीने पुसून टाकले. मधल्या वेळात पावसात उभं राहून, खळग्यांतलं पाणी पुसत लोकांनी फोटो काढले आणि त्यांवरून त्रिमिती प्रतिकृती केली. उरलं ते एवढंच.

आता सांगा. १९६० साली तुमचा दगडी बंधारा झाला असता तर ती पावलं आजही दगडांखाली असती, आणि कुणाला पत्ता नसता. मी धूप होऊ द्या या बाजूचा.

माहेर_मिऱ्या

वा! म्हणजे आठ लाख वर्षांपूर्वीच्या पाच जणांची पावलं पाहायला मिळावीत म्हणून आजच्या नऊशे जणांनी चालतं व्हायचं.

अश्मक

ताई, लागलं. पण तसं म्हणायचं नव्हतं. त्या किनाऱ्यावर टिकलेलं असं काही नाहीच, एवढंच. शेजारच्या एक्लसचं चर्च घ्या. गाव गेलं, वाळूच्या टेकड्या सरकल्या, नुसता मनोरा पुळणीवर उभा राहिला, लोक सहलीला जात. जानेवारी १८९५ च्या वादळात तोही पडला. हेझ्बराच्या अलीकडे व्हिम्पवेल नावाची वस्ती होती, आता नुसतं नाव उरलंय. १६०० ते १८५० या अडीचशे वर्षांत इथली २५० मीटरहून जास्त जमीन गेली. म्हणजे वर्षाला एक मीटर, रोजच्या हिशेबात जाणवणारही नाही.

पेठेतला_वाचक

अवांतर: शेरलॉक होम्सच्या नाचणाऱ्या आकृत्यांची कथा कॉनन डॉयलला याच गावच्या हिल हाउस या पबमध्ये मुक्काम असताना सुचली म्हणतात. चित्रकार-शिल्पकार मंडळीही १९३० आणि ३१ च्या सुट्ट्यांत इथे होती, हेपवर्थ आणि हेन्री मूर. पुळणीवरचे दगड गोळा करून त्यांवर छिन्नी चालवायची. पब वाचणार का?

नॉरिचकर

पब चर्चच्या शेजारीच आहे. जे चर्चचं, तेच पबचं. निदान त्या एका बाबतीत धर्म आणि अधर्म यांना समान न्याय आहे.

हिशेबी

मग इमारती मागे न्या की. बीची हेडजवळचं बेल टाउट दीपगृह १९९९ साली रुळांवर चढवून १७ मीटर मागे सरकवलं. साडेआठशे टन. डनिचला तर ऑल सेंट्स चर्च कड्यावरून पडत असताना शेवटचा आधारखांब तेवढा उचलून गावातल्या दुसऱ्या चर्चच्या आवारात नेऊन ठेवला.

निवृत्त_उपअभियंता

आणि हेझ्बराच्या दीपगृहाचं काय झालं ते धाग्यात अर्धंच आलंय. १७९० साली तिथे दोन दीपगृहं होती, एक वर, एक खाली. समुद्रातून दोन्ही दिवे एका रेषेत दिसले की वाळूच्या दांड्याला टाळून जायची वाट सापडली. खालचं कड्याच्या काठी येऊ लागलं तेव्हा १८८३ साली ते बंद करून पाडून टाकलं. वरचं एकटं उरलं, म्हणून त्याला वेगळी ओळख हवी म्हणून ते लाल पट्टे. तुम्ही ज्या पट्ट्यांचे फोटो काढता ते माघारीचे पट्टे आहेत. त्या लोकांनी समुद्राशी हट्ट केला नाही आणि दिवा आजही चालू आहे.

नॉरिचकर

काका, हे मला माहीत नव्हतं. पंधरा वेळा तरी ते दीपगृह पाहिलंय.

ठीक. पूर्ण लांबीचा बंधारा मागे घेतो. पण माघारच घ्यायची तर ती पैसे देऊन घ्या. पाथफाइंडरसारखी खरेदी कायमची करा, आतल्या बाजूला जागा द्या, कडा पोहोचायच्या दहा वर्षं आधी. आज काय होतं? माणूस तडा मोजत बसतो आणि शेवटी स्वतःच्या घराच्या पाडकामाचा अर्ज भरतो.

निवृत्त_उपअभियंता

यावर सही करतो. कुठे करायची ते सांगा.

हिशेबी

मी नाही. आज हेझ्बराला दिलंत तर उद्या हेम्सबी मागणार, परवा योर्कशरचा होल्डरनेस. तिथे तर कडा याहून वेगाने जातो. यादी कुठे थांबवणार ते आधी सांगा.

माहेर_मिऱ्या

कुणाचं तरी घर पडल्याशिवाय तुमची यादी सुरूच होत नाही, थांबायचं राहू द्या.

मला वेगळंच विचारायचंय. त्या चर्चच्या आवारात इन्व्हिन्सिबल जहाजाचे लोक पुरलेत ना?

नॉरिचकर

हो. १६ मार्च १८०१. ७४ तोफांचं जहाज, यार्मथहून निघालं, कोपनहेगनच्या लढाईसाठी जमलेल्या आरमाराला जाऊन मिळायचं होतं. याच किनाऱ्यासमोरच्या वाळूच्या दांड्यावर चढलं आणि दुसऱ्या दिवशी बुडालं. चारशेहून जास्त माणसं गेली. प्रेतं किनाऱ्याला लागत राहिली, गाड्यांतून आणून ११९ जणांना एकाच खड्ड्यात पुरलं. पुढे गावालाही नेमकी जागा आठवेना. १९८८ साली पाण्याचा चर खणताना हाडं लागली, तेव्हा सापडली. १९९८ साली स्मृतिशिळा बसवली.

माहेर_मिऱ्या

मग दीपगृह रुळांवर, खांब गाडीत, पब नव्या इमारतीत. त्या ११९ जणांना कुठे नेणार?

निवृत्त_उपअभियंता

माझ्याकडच्या कुठल्याच दरसूचीत ही बाब नाही.

नॉरिचकर

दीपगृह उन्हाळ्यात काही रविवारी लोकांना उघडं असतं. ११२ पायऱ्या. काका, इकडे आलात तर घेऊन जातो, आणि उरलेलं भांडण बीच रोडच्या टोकाला उभं राहून करू.

निवृत्त_उपअभियंता

येतो. टोकाला नको, दहा पावलं मागे.