अनुभव धागा: "आमच्याकडे असं नसतं हो!" सोसायटीतली खाद्य-चढाओढ आणि जीआय टॅग

मंडळी, यंदा आमच्या डोंबिवलीच्या सोसायटीत चैत्रगौरीच्या हळदीकुंकवाला आंब्याची डाळ राहिली बाजूला आणि पन्ह्यातल्या गुळावरून दोन विंगांत जुंपली. ए विंगच्या काकू कोल्हापूरच्या. त्यांनी भर कार्यक्रमात मोबाइल काढून कोल्हापुरी गुळाला २०१४ साली जीआय (भौगोलिक मानांकन) मिळाल्याची बातमी सगळ्यांना वाचून दाखवली. बी विंगच्या वहिनींचं माहेर कराड. त्या शांतपणे म्हणाल्या, "कागदाला मुंग्या लागत नाहीत, काकू. गुळाला लागतात." त्यानंतर ओटी भरणं एकदम थंड वातावरणात झालं.

तेव्हापासून डोक्यात होतं की यावर धागा काढावा. शहरातल्या मजल्यांवर आपण शेजारी झालो, पण पोटाने अजून आपापल्या तालुक्यातच राहतो. त्यात आता हा टॅग आला. थोडक्यात सांगते: भौगोलिक मानांकनाचा कायदा १९९९ चा, अंमलात आला २००३ मध्ये, नोंदणी चेन्नईला होते आणि देशातला पहिला टॅग दार्जिलिंग चहाचा. अमुक भागात पिकणाऱ्या किंवा बनणाऱ्या मालाचं नाव दुसऱ्या कुणी लावू नये, एवढ्यासाठी तो असतो. कुणाच्या सासूबाईंच्या हाताला तो मिळत नाही. पण हे ऐकतंय कोण? पूर्वी नुसतं "आमच्याकडे असं नसतं हो" म्हणायचे, आता वर सरकारी पुरावा जोडतात.

तर आपापल्या सोसायटीतले, चाळीतले, भिशीतले अनुभव लिहा. पाककृती नकोत, त्यांचे धागे वेगळे आहेत. माणसांची नावं टाळा.

पाचडझनी, मुलुंड पूर्व

पहिला मान हापूसलाच हवा. आमच्या इमारतीत चौथ्या मजल्यावर देवगड, सहाव्यावर रत्नागिरी. एप्रिल लागला की दोन्हीकडे पेट्या येतात आणि त्या लिफ्टच्या तोंडाशी गरजेपेक्षा जास्त वेळ ठेवल्या जातात. कारण उघड आहे. देवगडवाले म्हणणार, आमची साल पातळ. रत्नागिरीवाले म्हणणार, तुमची पातळ म्हणूनच प्रवासात काळी पडते.

२०१८ मध्ये हापूसला टॅग मिळाला तेव्हा दोघांनीही पेढे वाटले आणि नंतर तपशील वाचून दोघांचेही चेहरे पडले. टॅग एकट्या देवगडचा नाही, एकट्या रत्नागिरीचाही नाही. सिंधुदुर्ग, रत्नागिरी, रायगड, ठाणे आणि पालघर अशा पाच जिल्ह्यांचा आहे. तळमजल्यावरचे मुरबाडचे आजोबा, ज्यांना इतकी वर्षं या चर्चेत कुणी धरत नव्हतं, ते दुसऱ्या दिवशी गच्चीवर येऊन म्हणाले, "मग आमच्या बागेतला पण हापूसच की." दोन्ही पक्षांची पहिली आणि शेवटची युती त्या दिवशी आजोबांविरुद्ध झाली.

एक गोष्ट मात्र सांगायलाच हवी. गेल्या मोसमात सहाव्या मजल्यावर कुणीतरी "खात्रीची देवगड" म्हणून भेट पाठवली. पेटीवर गावाचं नाव रंगवलेलं, वर पेंढा झकास. फळं काढली तर तळाला अंथरलेलं वर्तमानपत्र कानडी. रत्नागिरीच्या मालकिणीने तो कागद नीट घडी करून ठेवला आहे. चौथा मजला चहाला आला की टेबलावर असतो.

तिरफळ, बोरिवली पश्चिम

आमच्याकडे भांडण मालवणी विरुद्ध कारवारी. मी मालवणची, समोरच्या कारवारच्या. बाहेरच्याला दोन्ही कालवणं सारखीच दिसतात, म्हणून तर जास्त भांडतो. माझा बांगडा तिरफळं आणि आमसुलाशिवाय होत नाही. त्या चिंच घालतात आणि वर विचारतात, "तुमचं कालवण पांढुरकं का गं दिसतं?" सिंधुदुर्ग-रत्नागिरीच्या कोकमाला २०१६ ला टॅग मिळाल्याचं मी त्यांना ऐकवलंय. त्यांनी मला ऐकवलं की कोकमाचं झाड हद्द बघून उगवत नाही. खरं आहे, पण मी तोंडावर कबूल केलेलं नाही.

आमचा निवाडा कोळीण मावशी करते. तिच्या समोर दोघी वाद घालत होतो तर ती पाटी उचलत म्हणाली, "एक बांगडा घेते, एक पापलेट. मोठी कोण ते मला म्हाईत हाय." बांगडा मी घेते. तो विषय तिथेच बंद पडला.

धागाकर्ती: तिरफळ, 🙏. मावशींचा वेगळा धागा काढा.

पऱ्हाटी, ठाणे, घोडबंदर रोड

मी माहेरची चिपळूणची, सासर यावल तालुक्यातलं. म्हणजे भरताच्या लढाईत मी दोन्ही बाजूंची. माहेरी भरीत म्हणजे भाजलेलं वांगं, दही, वर फोडणी. सासरी हे ऐकून दीर म्हणाले होते, "वहिनी, ती कोशिंबीर झाली."

आमच्या संकुलात डिसेंबरात मेळावा असतो, विभागवार टेबलं मांडतात. पुण्याच्या टेबलावर दह्याचं भरीत होतं आणि खाली "पारंपरिक महाराष्ट्रीय भरीत" अशी पाटी. सासूबाई तेव्हा आमच्याकडे आल्या होत्या. त्यांनी पाटी दोनदा वाचली, काही बोलल्या नाहीत. पुढच्या वर्षी जळगावहून रात्रीच्या ट्रॅव्हल्सने गोणपाटात वांगी आली. बामणोदची, हिरवी, अंगावर पांढरट रेघा, एकेक तान्ह्या बाळाच्या डोक्याएवढं. सोबत कपाशीच्या पऱ्हाट्यांचा भारा, कारण गॅसवर भाजलेलं त्यांना चालत नाही. गच्चीवर जाळ करायला कमिटीने नकार दिला. सेक्रेटरींनी अग्निशमनाचे नियम वाचून दाखवले. शेवटी जनरेटरच्या खोलीपासून बरंच लांब, मागच्या भिंतीशी परवानगी मिळाली आणि एक सुरक्षारक्षक वाळूची बादली घेऊन उभा.

वांगी भाजली, साल निघाली. मग बडजी आली. ज्यांनी पाहिली नसेल त्यांच्यासाठी: लाकडाचं खोलगट, उभं भांडं, त्यात लाकडाच्याच दांड्याने भरीत ठेचतात. हिरव्या मिरच्या आणि लसूण आधी भाजून त्यात गेल्या, मग वांगं. तेलात शेंगदाणे, कांद्याची पात. सासूबाई ठेचत होत्या तेव्हा त्या ठोक्याने पार्किंगमधली पोरं गोळा झाली. नागपूरचे एक काका पुढे होऊन म्हणाले, "मिरची भिवापुरी हवी होती." त्यांच्याही मिरचीला टॅग आहे, त्यामुळे त्यांना बोलायचा अधिकार. सासूबाईंनी त्यांच्या हातात दांडा दिला. दहा मिनिटांनी काका घामाने निथळले आणि मिरचीचा मुद्दा सोडून दिला.

जळगावच्या भरताच्या वांग्याला २०१६ पासून टॅग आहे, हे त्या दिवशी टेबलावर लिहून ठेवायचं नवऱ्याने सुचवलं. सासूबाई म्हणाल्या, "वांग्याले हाये ना? मंग वांगं बोलीन." पुण्याच्या टेबलावरची पाटी मात्र यंदा "दह्यातलं भरीत" अशी बदललेली होती.

इंद्रायणीकाठ, कोथरूड

आमच्यात उघड भांडण नसतं, आम्ही टोमणे मारतो. गणपतीच्या नैवेद्याला वरणभात "मुळशीच्या आंबेमोहोराचा" आहे हे यजमानांनी तीनदा सांगावं आणि पाहुण्यांनी "अरे वा, अजून मिळतो का?" एवढंच विचारावं. मुळशीच्या आंबेमोहोराला टॅग आहे. मुळशीत आता बंगले आहेत. दुकानातला बराचसा आंबेमोहोर कुठला असतो हे वाण्याला खाजगीत विचारा.

आळूचं पान, हॅरो, लंडन

आमच्या उपनगरात समोरचा पक्ष गुजराती. हापूस की केसर, हा वाद इथे मे महिनाभर चालतो. गीर केसरला २०११ लाच टॅग मिळाला, आपल्याला २०१८ ला. ती सात वर्षं आम्ही फार सोसलं. शेजारच्या बेन दर उन्हाळ्यात विचारायच्या, "तमारो हजी नथी आव्यो?"

२०१४ च्या मे महिन्यात युरोपीय संघाने फळमाशीच्या कारणावरून भारतीय आंबाच बंद केला. केसर गेला, हापूसही गेला. नुसता आंबा नाही, वांगी, कारली, पडवळ आणि अळूची पानंही त्याच यादीत. म्हणजे गणपतीत माझी अळूवडी नाही आणि त्यांचा पात्राही नाही. या दोन्हींत आधी कोण, गूळ कुणाचा जास्त, वाफवून नुसतं खायचं की तळायचं, यावर आमचे बरेच जुने हिशेब होते. सगळे स्थगित. पाकिस्तानी आंब्यावर बंदी नव्हती, त्यामुळे त्या उन्हाळ्यात दोन्ही घरांनी मिळून चौसा खाल्ला. चांगला होता. हे दोघींनीही आपापल्या घरी फोनवर सांगितलं नाही. २०१५ च्या सुरुवातीला आंब्यावरची बंदी उठली आणि एप्रिलात भांडण पूर्ववत सुरू झालं.

करवंटी, पर्वरी, गोवा

हापूस-हापूस वाचून हसू आलं. आमच्याकडे हापूस पाहुण्यांना देतात, घरचे मानकुराद खातात. २०२३ मध्ये मानकुरादला आणि बेबिंकाला (आमच्या थराथरांच्या गोड पदार्थाला) दोन्हींना टॅग मिळाला, काजूच्या फेणीला तर २००९ पासूनच आहे. आमच्या कॉलनीत वाद बेबिंकाच्या थरांचा. सात म्हणणारे एका बाजूला, सोळाखाली हात न लावणारे दुसऱ्या बाजूला. नाताळच्या कुस्वाराची (फराळाची) ताटं घरोघर फिरतात तेव्हा शेजारीण सुरीच्या टोकाने थर मोजते, माझ्यादेखत. पण मी तिला वेगळं विचारते: वरून निखारे ठेवले होते का? करवंट्यांचा विस्तव झाकणावर ठेवून थरामागून थर भाजायचा, एकेका थराला थांबायचं, यात अख्खी दुपार जाते. ओव्हनमधल्याला तो धुराचा वास नसतो. तिचा ओव्हनमधला असतो. म्हणून मोजते.

दोन्हीकडचा पाक, खारघर

एकाच मजल्यावर बंगाली आणि ओडिया, मध्ये आम्ही सातारकर. बंगालच्या रसगुल्ल्याला २०१७ ला टॅग, ओडिशाच्या रसगोळ्याला २०१९ ला. दोन्ही दिवशी आमच्याकडे वाटी आली. पांढराशुभ्र आणि टणक तो बंगालचा, किंचित तांबूस आणि मऊ तो ओडिशाचा. कुठला चांगला, असं दोघांनीही विचारलं. सासरे मधुमेही आहेत, हे उत्तर दोन्हीकडे चालतं.

गाडी सुटली, अंबरनाथ

वडापावला युनेस्को कधी?

धागाकर्ती: गंमत वाटेल, पण युनेस्कोचं काम निराळं आहे. तिथे पदार्थापेक्षा तो करणाऱ्यांची रीत नोंदवतात. कोरियातली घराघराने मिळून किमची घालण्याची प्रथा २०१३ मध्ये त्यांच्या यादीत गेली, नेपल्सच्या पिझ्झेवाल्यांची कला २०१७ मध्ये, फ्रान्सच्या लांबट ‘बगेट’ पावाची कारागिरी २०२२ मध्ये. त्या हिशेबाने वडापावापेक्षा दादर स्टेशनबाहेर एका हाताने पाव चिरून दुसऱ्याने चटणी लावणाऱ्याचा अर्ज करावा लागेल. आणि मग कल्याण म्हणेल, आमचा का नाही.

जांभूळवाडी, बदलापूर पूर्व

आत्तापर्यंत वाचत होतो, आता लिहितो. आम्हाला सगळ्यांनी हिणवून झालंय. लग्न जमवताना "बदलापूर? इतक्या लांब?" म्हणणाऱ्या ठाण्याच्या मावश्या आमच्याही घरात आहेत. आता बदलापूरच्या जांभळाला टॅग मिळाला. मी लगेच नातेवाइकांच्या ग्रुपवर टाकलं, ठाण्याला काय मिळालंय असंही विचारलं. दोन दिवस शांतता होती. मग पालघरच्या आत्याने बहाडोलीच्या जांभळाची बातमी टाकली. त्यालाही टॅग आहे. तिचं म्हणणं, त्यांचं जास्त मोठं.

आमचं जांभूळ टपोरं, गर भरपूर, बी लहान. पण जिथे ते पिकतं ती झाडं जुनी आणि उंच, आणि जागा बिल्डरच्या नजरेतल्या. आमची सोसायटी ज्या प्लॉटवर आहे तिथेही जांभळीच होत्या, गेटचं नावही तेच ठेवलंय. टॅग फळाच्या नावाला जपतो, झाड कुणी तोडलं तर तो काही करू शकत नाही. कमिटीत आम्ही ठराव आणलाय की मागच्या बाजूला दोन पार्किंगच्या जागी कलमं लावायची. पहिला विरोध त्याच गृहस्थांचा, ज्यांनी टॅगच्या दिवशी फुगे लावले होते. त्यांच्याकडे दोन गाड्या आहेत.

जूनच्या पहिल्या पावसाआधी स्टेशनबाहेर आदिवासी बायका टोपल्या घेऊन बसतात. सकाळी लवकर या, नऊनंतर माल उरत नाही. भाव करू नका. पांढरा शर्ट घालून येऊ नका.