अंजनेरी: चढायची की बघत बसायची?

गंगाघाटकर
काल नाशिकजवळच्या अंजनेरी डोंगराच्या पहिल्या पठारावर, अंजनी मातेच्या देवळाच्या जरा पुढे, मांडीवर कागद घेऊन बसलो होतो. दोन तासांत अकरा जणांनी विचारलं, "काका, टॉप अजून किती?" काय काढताय हे एका पोराने विचारलं, तर त्याच्या आईने त्याला दंडाला धरून पुढे नेलं.

शिव्या खायची तयारी ठेवून लिहितो. घड्याळ लावून चढणाऱ्यांनी अंजनेरीला येऊच नये. दमच काढायचा तर पांडवलेण्याच्या पायऱ्या आहेत. शहरातच आहेत, वीस किलोमीटरचं पेट्रोलही वाचेल.

मी स्वतः पंधरा वर्षं असाच चढलो. तेव्हा कुणी विचारलं असतं की हा डोंगर दिसतो कसा, तर "काळा कडा" यापलीकडे मला सांगता आलं नसतं. काढायला बसलो तेव्हा पहिल्यांदा दिसलं की तो आडव्या पट्ट्यांचा आहे. एक ताठ थर, मग गवताचा उतार, वर पुन्हा ताठ थर. लाव्हा थरावर थर साचत गेला, कठीण थराचे कडे उरले, मऊ थर झिजून त्यांवर माती धरली. भूगोलात हे घोकलं होतं, समजायला दोन पेन्सिली झिजवाव्या लागल्या. आणि तो दगड काळा नाहीच हो! पावसानंतर जांभळा मारतो, उन्हं कलली की तांबूस. श्रावणात तर जलरंग वाळतच नाही. ढग पठारावर आला की कागद ओलसर होतो आणि आकाश आपलं आपण ओघळत कड्यावर उतरतं. ते मी कधी पुसत नाही.

पायथ्याच्या गावातली पडकी मंदिरंही धावत पाहायची नव्हेत. तिथे बाराव्या शतकातला, यादवांच्या काळातला शिलालेख आहे. बाजूला निळ्या ताडपत्रीखालचा चहा, तोही माझ्या चित्रात आहे.

सेकंडशिफ्ट
काका, मी तो घड्याळवाला. अंबडला कंपनीत आहे. रविवारी साडेपाचला निघालो तर बारापर्यंत घरी पोचतो, मग भाजी, मग पोराचा अभ्यास. दोन तास बसायची चैन मला कोण देणार?

दुसरं म्हणजे, तुम्ही डोंगर डोळ्याने बघता तसा मी छातीने बघतो. जैन लेण्याच्या आधी घळ आवळते तिथे श्वास कुठे तुटतो, कोणती पायरी हलते, पावसात पाणी कोणत्या बाजूने उतरतं, हे मला डोळे मिटून सांगता येईल. जोराचा पाऊस आला की ती पायऱ्यांची वाट म्हणजे ओढाच. तेव्हा खाली उतरायचा निर्णय पाचच मिनिटांत घ्यावा लागतो. तो घ्यायला वाट पायांना माहीत असावी लागते, चित्रात नाही.

गंगाघाटकर
पायरी हलते हे कळलं, ठीक. लेण्यात आत काय आहे ते सांगा.

सेकंडशिफ्ट
मूर्ती आहे. अंधार आहे. वटवाघळाचा वास आहे. पास झालो का?

गवतातला
तुम्हा दोघांचं बोलणं ऐकून मला खालचं गवत आठवतं. मी वनस्पतिशास्त्राचा विद्यार्थी. पठारावर एक कंदीलपुष्प उगवतं, त्याचं शास्त्रीय नावच या डोंगरावरून ठेवलंय, 'सेरोपेजिया अंजनेरिका'. २००६ मध्ये त्याची नवी जात म्हणून नोंद झाली. वर्षाचा बराच काळ तो जमिनीत कंद होऊन पडून असतो, पावसात गवताबरोबर वर येतो. फूल नसेल तेव्हा गवतातून वेगळा ओळखायला माझ्यासारख्यालाही गुडघ्यावर बसावं लागतं.

कंदीलपुष्पांची गंमत बघा. फुलाच्या नळीत आतल्या बाजूला खाली वळलेले केस असतात. चिमुकली माशी वासाने आत जाते, केस तिला परत येऊ देत नाहीत. पराग अंगाला लागले, केस सुकले की तिची सुटका.

आता काका, तुम्ही "जरा पुढे" बसलात म्हणजे वाट सोडलीत. धावणारा माणूस निदान वाटेवरून धावतो. चित्रकार आणि फोटोवाले चांगला कोन मिळावा म्हणून गवतात शिरतात, तिथेच सतरंजी, तिथेच डबा. घड्याळापेक्षा मला तुमच्या बसण्याची भीती जास्त वाटते.

गंगाघाटकर
हे लागलं. माझ्याकडे तीन पायांचं घडीचं स्टूल आहे. काल ते गवतातच होतं, आणि ते कुठे टेकतंय हे मी पाहिलं नव्हतं. इतके दिवस कड्याकडे टक लावून बसलो आणि पायाखाली पाहिलं नाही, कबूल.

पण म्हणून धावणं बरं, हे मान्य नाही. तुम्ही गुडघ्यावर बसलात म्हणूनच ते फूल तुम्हाला सापडलं ना?

गवतातला
मी परवानगी घेऊन, एका ठरलेल्या चौकटीत, दोन दिवस बसलो होतो. फरक आहे.

त्र्यंबकरोड
तुमचं सगळं धडधाकट माणसांचं चाललंय. माझी आई ७४ वर्षांची आहे. हनुमानाची जन्मभूमी म्हणून लहानपणापासून ऐकत आली, आणि तिने वरचं देऊळ कधी पाहिलेलं नाही. मुळेगावच्या बाजूने गाडीरस्त्याचा प्रस्ताव आला तेव्हा निसर्गप्रेमींनी रान उठवलं. ब्रह्मगिरी ते अंजनेरी रोपवेचं नाव निघालं तेव्हाही तेच. देव काय फक्त गुडघे शाबूत असणाऱ्यांचा?

सेकंडशिफ्ट
आईंबद्दल बोलायची माझी हिंमत नाही. पण रस्ता झाल्यावर वर आई दिसणार नाही, गाड्या दिसतील. श्रावणात त्र्यंबक रस्त्यावरची रांग बघा, तीच पठारावर नेऊन ठेवायची.

गवतातला
आणि गिधाडं. इथल्या कड्यांवर लांब चोचीची गिधाडं घरटी करतात. जनावरांना डायक्लोफिनॅक हे वेदनाशामक टोचलं जायचं, ती जनावरं मेली की गिधाडं ती खायची आणि मूत्रपिंड निकामी होऊन मरायची. देशभरातली ९० टक्क्यांहून जास्त गेली. २००६ मध्ये जनावरांसाठी त्या औषधावर बंदी आली, तरी वाढ हळूच होणार, कारण जोडी वर्षाला एकच अंडं घालते. घरटी थंडीत होतात. म्हणजे नेमकी ट्रेकिंगच्या हंगामात.

त्र्यंबकरोड
गिधाडाला अंडं घालायला जागा आहे, म्हातारीला देव बघायला नाही. डोलीचं तरी बघा कुणीतरी. त्यावर मात्र रान उठत नाही.

(यावर कुणाकडेच उत्तर दिसत नाही. माझ्याकडेही नाही. — गंगाघाटकर)

पायथ्यावरची
निळी ताडपत्री आमची. म्हणून लिहिते.

काका, तुम्ही चित्र काढलं ते चांगलं, पण कुणाला विचारलंत? देवळं काढली, चहा काढला, चहा करणारी माणसं कुठे आहेत? गवताचं म्हणाल तर आमची जनावरं वर चरायची, आजी कंदमुळं ओळखायची. ती कुठल्याच कॉलेजात गेली नव्हती. गिधाड कुठे बसतं ते आमच्या घरातलं शाळकरी पोर सांगेल. कड्यावर चुन्यासारखे पांढरे ओघळ दिसतात ना, तिथे.

दादा, तुम्ही सकाळी सहाला आमच्या दारावरून पळत जाता आणि पळत येता, पाण्याची बाटलीसुद्धा नाशिकची. काका निदान दोन चहा घेतात. त्यामुळे मी काकांच्या बाजूने आहे, चित्रासाठी नाही.

रस्त्याचं म्हणाल तर आमच्यातही दोन मतं आहेत. सासरे म्हणतात होऊ द्या, आजारी माणूस पटकन खाली येईल. मी म्हणते, गाडी थेट वर गेली तर खाली थांबणार कोण? माकडंसुद्धा वर जातील, पिशव्या तिकडे असतील.

सेकंडशिफ्ट
ताई, चूक झाली. पुढच्या रविवारी उतरताना नाष्टा तुमच्याकडे.

गवतातला
ताई, थंडीत घरट्यांच्या बाजूची कड्याची कडा लोकांना बंद ठेवली तर गावाची हरकत असेल का? बाकी वाट उघडी.

पायथ्यावरची
कडा बंद ठेवा. वाट बंद ठेवणार असाल तर आधी आमच्याकडे येऊन सांगा, दहा किलो कांदा आणून ठेवलेला असतो.

गंगाघाटकर
मी स्टूल घरी ठेवतो. कातळावर बसेन. "टॉप किती" विचारणाऱ्यांबद्दलचं मत मात्र तेच आहे.

पायथ्यावरची
बसा. आणि ताडपत्री आता निळी नाही, मागच्या वादळात फाटली. हिरवी आहे. चित्र दुरुस्त करा.