आदिवासींना वेगळा धर्मकोड: सातपुड्यातून पाहिलं तर

मोलगी_घाट
2027 ची जनगणना तोंडावर आहे, म्हणून मांडतो. 2011 च्या तक्त्यात सातवा प्रश्न धर्माचा. हिंदू 1, मुस्लिम 2, ख्रिश्चन 3, शीख 4, बौद्ध 5, जैन 6. यात न बसणाऱ्याने नाव पूर्ण लिहायचं आणि कोडची चौकट रिकामी सोडायची. म्हणजे याहामोगी आणि वाघदेव मानणाऱ्याच्या वाट्याला रिकामी चौकट! काठी गावची राजवाडी होळी बघा. नवस पाळणारे जमिनीवर झोपतात, कमरेला भोपळे नि घुंगरं, डोक्यावर मोरपिसांचा टोप, आणि होळी पेटते ती पहाटे. हा धर्म कुठल्या कोडात बसवायचा? 1931 च्या जनगणनेत आदिवासी धर्माचा वेगळा वर्ग होताच. झारखंड विधानसभेनं 11 नोव्हेंबर 2020 ला आदिवासींना ‘सरना’ नावाचा वेगळा धर्मकोड द्यावा असा ठराव केला. नंदुरबारात 2011 ला 69 टक्के लोक अनुसूचित जमातीचे निघाले, महाराष्ट्रानं तोंड का उघडू नये?

तापीकाठ
भाऊ, सरना म्हणजे तिकडच्या गावाची सालवृक्षांची पवित्र राई. आपल्याकडे साग नि मोह. नावच उसनं.

त्याहून मोठी अडचण आपल्या घरातली आहे. महाराष्ट्राच्या अनुसूचित जमातींच्या यादीत भिलांची नोंद काढून वाचा. पावरा, वसावे, भिलाला आणि तडवी भिल एकाच नोंदीत आहेत. यावल, रावेर, चोपड्याकडचे तडवी मुसलमान आहेत. नवापूरकडे ख्रिस्ती आदिवासी आहेत. तळोद्याकडे गुला महाराजांच्या आप पंथाचे लोक आरती म्हणतात, दारू शिवत नाहीत. उद्या सरकारनं ‘आदिवासी धर्म’ असा कोड काढला, की तडव्याला कुणीतरी विचारणारच: तुझा धर्म वेगळा, मग तू आदिवासी कसा? डिलिस्टिंगची, म्हणजे धर्म बदललेल्या आदिवासींना जमातींच्या यादीतून काढायची, मागणी करणाऱ्यांना आयतं कोलीत.

पावरीचा_सूर
अर्धीच गोष्ट सांगता. त्याच तक्त्यातला आठवा प्रश्न वाचा. अनुसूचित जात फक्त हिंदू, शीख, बौद्धांमध्ये धरायची, पण अनुसूचित जमात कुठल्याही धर्मात. 1950 च्या जमातींच्या आदेशात धर्माची अटच नाही. सातव्यात काय लिहिलं त्यानं आठवा हलत नाही. तडव्याला मुस्लिमच लिहायचं असेल तर 2 आहेच. कोड सक्तीचा कुठे आहे?

आणि डिलिस्टिंगवाल्यांचं म्हणणं, आदिवासी मुळात हिंदूच. कोड मागणारे नेमकं उलटं म्हणतात. दोघांना एका दावणीला का बांधता?

रकानेवाला
कोड मिळेल तेव्हा मिळेल, गळती कुठे होते ते आधी समजून घ्या.

प्रगणक बहुतेक वेळा प्राथमिक शिक्षक. पाड्यावर घरं विखुरलेली, मागे दिवसांची घाई. तो ‘धर्म कोणता?’ असं विचारतच नाही. ‘हिंदूच ना?’ म्हणतो, समोरचा मान हलवतो, 1 पडतो. नियम असा की माणूस सांगेल तेच लिहायचं, वाद घालायचा नाही. जनगणना कायदा 1948 च्या कलम 11 खाली जाणूनबुजून खोटी नोंद करणं हा प्रगणकाचाही गुन्हा आहे.

दुसरी गळती नावांची. 2011 ला देशभरात ‘इतर’मध्ये 79 लाखांवर लोक होते. त्यात सरना 49 लाखांवर, गोंड 10 लाखांवर. कोड नसतानाही हे आकडे निघाले, कारण लोकांनी ठरवून एकच शब्द लिहिला. आपल्याकडे एका घरात ‘आदिवासी’, दुसऱ्यात ‘निसर्गपूजक’, तिसऱ्यात ‘भिल’. तीन शब्द, तीन वेगळ्या ओळी, आणि बेरीज कुठेच नाही.

आता मोजणी मोबाइलवर. ॲपमध्ये तयार यादीतून निवडायचं असेल, तर यादीत नसलेलं नाव टंकायचा कंटाळा होणार, हे उघड आहे. स्वतः माहिती भरायची सोय आहे, पण धडगावच्या वरच्या पाड्यांवर रेंज कुठे?

एक भीती मात्र काढून टाका. त्याच जनगणना कायद्याच्या कलम 15 प्रमाणे या नोंदी कुणाला पाहायला मिळत नाहीत, पुराव्यातही चालत नाहीत. जातपडताळणीत ‘जनगणनेत काय लिहिलं होतं’ असं कुणी काढू शकत नाही.

मोलगी_घाट
हेच हवं होतं. वारसाचंही तसंच. हिंदू वारसा कायद्याच्या कलम 2(2) नुसार केंद्रानं अधिसूचना काढल्याशिवाय तो अनुसूचित जमातींना लागत नाही, मग धर्मात हिंदू लिहा की आणखी काही.

तापीकाठ
मग कोडनं नक्की काय पदरात पडतं?

पावरीचा_सूर
मोजदाद. आकडा नसेल तर देवराई वाचवायला मागणी कुणाच्या नावानं करायची?

तापीकाठ
हे मान्य. पण मग शब्द एकच लागेल. अक्कलकुवा, धडगाव, तळोद्यातच आधी एकमत करून दाखवा. शिरपूरच्या पावऱ्यांना आणि नवापूरच्या मावचींना त्या शब्दाखाली बसायचंय का, हे त्यांना विचारलंय कुणी?