शब्दचर्चा : प्राण्याने केलेल्या इजेनंतरचा ‘सिक्वेला’ मराठीत कसा लिहावा?

प्रश्न, निपाणी : वैद्यकीय कोडिंग (आजारांना, इजांना ठरलेले कोड लावणं) शिकवण्यासाठी मराठी टिपण तयार करतोय. ‘सिक्वेला’साठी, म्हणजे इजेनंतर मागे उरणाऱ्या दोषासाठी, कुणी ‘दुष्परिणाम’ लिहितं, कुणी ‘गुंतागुंत’, कुणी ‘जुनी जखम’. कुत्रा, साप, बैल यांनी इजा केलेल्या रुग्णाच्या केसपेपरात कोणता शब्द बसेल?

बेळगाव, टिळकवाडी : तिन्ही टाळा. दुष्परिणाम औषधाचा असतो. सर्पविषावरचं इंजेक्शन दिल्यावर अंगावर गांधी उठल्या, तर तो दुष्परिणाम. घोणस चावून मूत्रपिंड कायमचं अधू झालं, तर ते विषामुळे मागे राहिलेलं दुखणं. दोन्हींचे कोड वेगळ्या गटांतले आहेत. ‘गुंतागुंत’ म्हटलं की जखमेत पू होणंही त्यात येतं. ‘जुनी जखम’ तर सर्वांत घातक, कारण सिक्वेला म्हणजे जखमेचा तीव्र टप्पा संपल्यावर उरलेला दोष. जखम दोन महिने चिघळत असेल तर ती अजून जखमच आहे.

मी ‘उत्तरपरिणाम’ सुचवेन. रुग्णाशी बोलताना ‘मागे काय राहिलंय?’ एवढं विचारलं तरी बरोबर उत्तर मिळतं.

निपाणी : मग अमेरिकन कामात (आयसीडी-१०-सीएम) कोडच्या सातव्या जागी ‘डी’ की ‘एस’, हे कशावरून ठरवायचं? किती महिने झाले यावरून?

बेळगाव, टिळकवाडी : महिन्यांवरून अजिबात नाही. उत्तरपरिणामाला मुदत नसते. तो तीन महिन्यांतही दिसतो, वीस वर्षांनीही. टाके काढणं, ड्रेसिंग, जखम भरतेय का हे पाहणं, हे सगळं ‘डी’. भरून झाल्यावर जो दोष उरला त्यासाठी रुग्ण आला, तर ‘एस’.

उदाहरण घ्या. रुग्णाच्या उजव्या हाताच्या पंजाला कुत्रं चावलं होतं, जखम भरली, पण सांधा आखडल्यामुळे पंजा पूर्ण उघडत नाही. आधी आजचं दुखणं : एम२४.५४१. त्यानंतर ज्या इजेतून ते आलं ती : एस६१.४५१एस. शेवटी कारण : डब्ल्यू५४.०एक्सएक्सएस. शेवटचा ‘एस’ फक्त इजेच्या आणि कारणाच्या कोडला लागतो. नवीन मुलं तो एम२४.५४१ लाही चिकटवतात आणि विम्याचा दावा परत येतो, कारण त्या कोडला सातवी जागाच नाही. मधल्या रिकाम्या जागा भरणारा ‘एक्स’ मोजूनच टाका. कुत्र्याच्या चाव्याला दोन लागतात. बैलाने शिंग मारलं तर एकच, डब्ल्यू५५.२२एक्सएस. एस६१.४५१ मध्ये आधीच सहा जागा भरलेल्या आहेत, तिथे एकही नको.

घटनेच्या जागेचा वाय९२ उत्तरपरिणामाच्या भेटीला जोडू नका. तो पहिल्या उपचाराच्या वेळी एकदाच.

खानापूर : शब्दांचाच विषय निघालाय तर आमच्याकडची एक अडचण सांगतो. गावात रात्री सापाचं नाव घेत नाहीत. ‘जनावर चावलं’, ‘पान लागलं’ असं सांगतात. हिस्टरीत ते जसंच्या तसं उतरलं की कोडर ‘जनावर’ वाचून डब्ल्यू५५ लावतो, म्हणजे साप सस्तन प्राण्यांत जाऊन बसतो! सर्पविषाचा गट टी६३.०. नाग असेल तर टी६३.०४, घोणस, मण्यार असेल तर टी६३.०८. मूत्रपिंडाच्या जुनाट आजारात आधी एन१८ मधला टप्पा, मग टी६३.०८१एस. ‘अपघाताने’ हे त्या कोडमध्येच आहे, म्हणून वेगळा कारणकोड लागत नाही.

अशा वेळी कन्नड कागद उघडून बघा. तिथे ‘हावु कडित’ (सर्पदंश), ‘नायि कडित’ (कुत्र्याचा चावा) असं प्राण्याचं नाव स्पष्ट असतं. कर्नाटकात २०२४ पासून सर्पदंश कळवणं सक्तीचं आहे, त्यामुळे पहिल्या दवाखान्यात नोंद सापडण्याची शक्यता चांगली.

भीमगड अभयारण्याच्या बाजूची अस्वलाची केस असेल तर ‘अस्वलाने फाडलं’ यावर थांबू नका. दात लागले की नखं, ते विचारा. चावा डब्ल्यू५५.८१, नुसता ओरखडा डब्ल्यू५५.८९ मध्ये जातो.

संकेश्वर : वरचं सगळं अमेरिकन आवृत्तीचं. इथल्या दवाखान्याची आकडेवारी जागतिक आरोग्य संघटनेच्या रोगवर्गीकरणाच्या (आयसीडी) मूळ दहाव्या आवृत्तीवर असेल तर सातवी जागा नसते. तिथे हाताच्या इजेचा उत्तरपरिणाम टी९२, पायाचा टी९३, विषाचा टी९७, आणि कारण वाय८६. वाय८६ मध्ये कुत्रा, बैल, साप सगळे एकत्र होतात. म्हणून निदानाच्या ओळीत प्राण्याचं नाव अक्षरात लिहून ठेवा, नाहीतर पुढे कुणालाच ते शोधता येणार नाही.

निपाणी : आणि ‘कुत्र्यामुळे पाय गेला’ असं नुसतंच लिहिलं असेल तर?

संकेश्वर : डॉक्टरांना विचारल्याशिवाय कोड लावू नका. आमच्या हायवेवर त्याचा अर्थ बहुधा कुत्रं आडवं आलं आणि मोटारसायकल घसरली. मग तो चावा नाही, वाहन अपघात. कुत्र्याला धडक बसली असेल तर व्ही२०, त्याला चुकवताना गाडी पडली असेल तर व्ही२८. मूळ आवृत्तीत दोन्हींचा उत्तरपरिणाम वाय८५. ‘बैलामुळे’ही तसंच : शिंग किंवा लाथ लागली तर डब्ल्यू५५.२२, बैलगाडीतून पडला तर व्ही८०. टिपणात ‘-मुळे’ लिहायला मनाई करा. ‘चावला’, ‘शिंग मारलं’, ‘लाथ मारली’, ‘आडवं आलं’ असं क्रियापदच लिहायला लावा.