अनुभव धागा : नगरसेवक ते खासदार, आतलं काम लिहा

नौपाडेकरीण
माळ्यावरची रद्दी काढताना रामभाऊ म्हाळगींचा वार्षिक अहवाल सापडला. टाचणी गंजलीय, कागदावर तपकिरी डाग. 1977 आणि 1980 ला ठाण्यातून लोकसभेवर निवडून आले, आणि वर्षभरात काय केलं ते मतदारांना लेखी कळवायचे. आरडाओरडा न करता खालून वर जाणाऱ्या माणसांचं काम आतून कसं चालतं ते लिहा. प्रचार कार्यालय, पालिका, खासदारांचं ऑफिस, जिथलं टेबल सांभाळलंत तिथलं. आत्मचरित्र नको, कामाचं लिहा.

कोर्टनाका
लोकसभेच्या अर्जापासून घ्या. मान्यताप्राप्त पक्षाला सूचक (नाव सुचवणारा मतदार) 1, अपक्षाला 10, सगळे त्याच मतदारसंघातले. अनामत 25 हजार, अनुसूचित जाती-जमातींना निम्मी. एका उमेदवाराचे चार अर्ज चालतात, अनामत एकदाच. चारही भरा आणि चारही अर्जांवर सूचक वेगळा घ्या. एकाचा यादीतला अनुक्रमांक चुकला तरी दुसऱ्यावर निभावतं. नमुना 26 च्या शपथपत्रात रकाना कोरा सोडायचा नाही, 'निरंक' नाहीतर 'लागू नाही' लिहायचं. ए-बी फॉर्म, म्हणजे पक्षाने उमेदवारी दिल्याचे कागद, शेवटच्या दिवशी दुपारी 3 च्या आत, सही शाईची. झेरॉक्स घेऊन पळत येणारे दर वेळी असतातच.

मीडियमतिखट
अर्ज भरला की शेजारी मामलेदार मिसळ. तिखट घेऊ नका, संध्याकाळी सभा असते 😄

ऐरोलीकर
गंमत बघा. 12 सप्टेंबर 2001 नंतर तिसरं अपत्य झालं असेल तर आपल्याकडे नगरसेवक होता येत नाही. खासदार होता येतं! अनधिकृत बांधकामाचंही तसंच, नगरसेवकाचं पद त्यावरून जातं.

मीडियमतिखट
म्हणजे पाळणा हलला की थेट दिल्ली

खर्चवही
गाडी सगळ्यात जास्त अडते ती हिशेबात. लोकसभेला मर्यादा 95 लाख, विधानसभेला 40. अर्ज भरायच्या निदान एक दिवस आधी वेगळं बँक खातं. एका माणसाला पूर्ण निवडणुकीत रोख 10 हजारांपर्यंतच, पुढचं चेकने किंवा ऑनलाइन. चहा तुम्ही कितीलाही आणा, हिशेबात दर लागतो तो जिल्ह्याच्या दरपत्रकातला. निवडणूक यंत्रणा तुमच्या सभेचं चित्रीकरण करते, खुर्च्या मोजते आणि आपल्या छायानोंदवहीत लिहिते. प्रचारकाळात निदान तीनदा दोन्ही वह्या समोरासमोर ठेवतात. मंडपवाल्याने 500 खुर्च्यांचं बिल दिलं आणि तिकडे 1200 दिसल्या की नोटीस आलीच. निकालानंतर 30 दिवसांत हिशेब दिला नाही तर 3 वर्षं अपात्र. हरलेले इथेच अडकतात, कारण निकालानंतर वही सांभाळणारा पोरगा गावी निघून गेलेला असतो.

चिऊची आई
आमच्याकडे पाणी अजून आलं नाही, कोणाला सांगायचं? नगरसेवक की खासदार?

नौपाडेकरीण
प्रभाग समितीत जा गं. खासदाराकडे पाण्याची किल्ली नसते.

ऐरोलीकर
चिऊची आई, हाच तर खरा मुद्दा आहे. नगरसेवक गटारावरचं झाकण बसवून दाखवू शकतो. खासदार झाला की गटार तेच, पण ते पालिकेचं, एमआयडीसीचं, सिडकोचं की रेल्वेचं हे आधी शोधावं लागतं. कोपरी पुलाचंच घ्या, रुळांवरचा भाग रेल्वेचा, बाकीचा एमएमआरडीएचा. दिघा गाव स्टेशन तर बांधून तयार होऊन ताटकळलं होतं, सुरू झालं 12 जानेवारी 2024 ला. नगरपालिकेच्या सवयीने 'उद्या करून टाकतो' म्हणणारा माणूस दिल्लीत पहिल्या वर्षातच खोटा पडतो.

बारावा डबा
लोकसभेत तारांकित प्रश्न (तोंडी उत्तराचे) दिवसाला 20, अतारांकित (लेखी उत्तराचे) 230, नोटीस किमान 15 दिवस आधी. कोणाचा प्रश्न वर येणार ते सोडतीवर. त्यामुळे शहाणे पीए तारांकितच्या मागे लागत नाहीत, अतारांकित भरतात. लेखी उत्तर हातात आलं की विभागीय रेल्वे व्यवस्थापकासमोर ठेवता येतं. प्रश्न 'ठाणे स्टेशनचा विकास कधी?' असा विचारलात तर उत्तर येतं 'काम प्रगतिपथावर'. मंजूर रक्कम किती, खर्च किती, उरलेलं काम कोणतं, असे तुकडे पाडून विचारायचं. नियम 377 खाली सभागृहात मुद्दा मांडायला 250 शब्द मिळतात, त्यातले पन्नास शब्द लोक मंत्र्याच्या स्तुतीत घालवतात.

आणि खासदार निधी. वर्षाला 5 कोटी, पण खासदार फक्त शिफारस करतो, मंजुरी आणि पैसा जिल्हाधिकाऱ्यांकडून. देवळाचा सभामंडप यात बसत नाही. हे निवडून यायच्या आधी सांगायला हवं, पण सांगतो कोण!

कल्याणची काकू
राम कापसेंचं नाव कोणी घेतलं नाही? 1989 आणि 1991, दोनदा ठाण्याचे खासदार. 1996 ला युतीत जागा भाजपकडून शिवसेनेकडे गेली आणि प्रकाश परांजपे उभे राहिले. परांजपेही नगरसेवकपदातून वर आलेले. मवाळ माणसाचं तिकीट असंच जातं, लोक पाडतात म्हणून नाही, जागावाटपाच्या टेबलावर जातं. गोंधळ घालणाऱ्याला समजावणं महाग पडतं, मवाळाला 'तुम्ही समजूतदार आहात' म्हटलं की झालं. कापसे पुढे अंदमानचे नायब राज्यपाल झाले आणि डिसेंबर 2004 ची त्सुनामी त्यांच्याच काळात आली.

कोर्टनाका
काकू +1. राज्यसभेचा दरवाजा अशांसाठीच. सतीश प्रधान नगराध्यक्ष, मग 1986 ला ठाण्याचे पहिले महापौर, मग 1992 ते 2004 राज्यसभा. तिथे मत आमदारांचं. महाराष्ट्रातून 6 जागा असल्या की 288 आमदारांत कोटा, म्हणजे निवडून यायला लागणारी मतं, साधारण 42 चा. मतपत्रिका आपल्याच पक्षाच्या प्रतिनिधीला दाखवायची. भलत्याला दिसली तर मत बाद.

मीडियमतिखट
थोडक्यात, खाली गटार मोजा, वर आमदार मोजा

चिऊची आई
पाणी आलं 🙏 गढूळ आहे पण आलं

खर्चवही
ताई, तो म्हाळगींचा अहवाल स्कॅन करून टाका ना. खर्चाचं पान असेल तर आधी ते.

नौपाडेकरीण
टाकते, टाचणी काढताना कागद फाटतोय. आधी कुकर उतरवते.